ओल्या लाकडाला घाबरू नकोस

प्रिय पोरी,

तुझा लांबलचक मेसेज वाचला, फोटो पण बघितले. कंपाउंड वॉलच्या कामात पेरूचं झाड रीतसर परवानगी घेऊन काढलं, ट्रक यायच्या आधी तू दोन ओंडके मागून घेतलेस, हे फार छान केलंस. आता कोपऱ्यावरचे मेस्त्री म्हणतात ओल्या लाकडात हात घालू नको, वर्षभर सुकू दे मग बघ. मेस्त्री चुकीचं सांगत नाहीयेत. त्यांचं काम चौकटीचं, पलंगाचं, तिथे ओलं लाकूड घातलं की पीळ येतो आणि दार लागेनासं होतं. पण तुला आमटी वाढायचा डाव करायचाय, उलथणं करायचंय, जमलं तर पुढे छोटी काठवट, म्हणजे पीठ मळायची लाकडी परात. त्याचं गणितच वेगळं. वर्षभर थांबलीस तर ओंडका दोन्ही टोकांकडून गाभ्यापर्यंत तडकलेला असेल आणि वर इतका कडक की चाकू नुसता घसरेल. ओला पेरू आज ज्या सहजतेने कापला जातोय ती पुन्हा मिळणार नाही, म्हणून हे पत्र वाचून झालं की लगेच कामाला लाग.

लाकूड तडकतं का हे एकदा नीट समजून घे, म्हणजे मग बाकीचं कोणी सांगायची गरज पडत नाही. ताज्या लाकडात पाणी दोन जागी असतं, एक पेशींच्या पोकळीतलं मोकळं पाणी आणि दुसरं पेशींच्या भिंतीत मुरलेलं. मोकळं पाणी उडून गेलं तर लाकूड फक्त हलकं होतं, आकार बदलत नाही. ओलावा साधारण 30 टक्क्यांच्या खाली आला की भिंतीतलं पाणी सुटायला लागतं आणि तिथून लाकूड आखडायला लागतं. ते सगळीकडे सारखं आखडत नाही हीच खरी गोम आहे. लांबीत जवळजवळ नाहीच, गाभ्याकडून सालीकडे थोडं, आणि वर्षावलयांच्या गोलाईच्या दिशेने साधारण त्याच्या दुप्पट. म्हणजे आख्खा गोल ओंडका ठेवलास तर बाहेरचा घेर आवळायला बघतो, आतलं लाकूड तेवढं आवळत नाही, मग तडा गेल्याशिवाय त्याला सुटकाच नाही. तोच ओंडका मधोमध फाडला की ताण मोकळा होतो. म्हणून आजच्या आज दोन्ही ओंडके उभे फाड. जे आज वापरणार नाहीस त्याच्या टोकांना मेण नाहीतर जुना ऑइल पेंट फास आणि सावलीत ठेव, किंवा सरळ बादलीत बुडवून ठेव, पाणी मात्र बदलत राहा.

आणि फाड म्हणतोय, करवतीने काप म्हणत नाहीये. करवत आपल्याला हवी तिथून जाते, फाडताना चीर लाकडाला हवी तिथून जाते. ओंडका उभा ठेव, टोकावर नीट बघ, बारीक चीर आधीच पडलेली असेल तर तीच धर. कोयत्याचं पातं बरोबर गाभ्यावरून आडवं टेकव आणि वरून लाकडाच्या मोगरीने ठोक, लोखंडी हातोडा नको. चीर पुढे पळायला लागली की एक पाचर घाल आणि थांब जरा, ऐक, चरचर आवाज येत असतो आत. मग दुसरी पाचर. दोन फाळ्या वेगळ्या झाल्या की आतल्या बाजूवरून तळहात फिरव, लाकडाच्या तंतूंची रेषा कुठे सरळ आहे, गाठीपाशी कशी वळसा घालून गेलीये ते हाताला कळतं. तो वळसा फेकू नकोस! डावाची मान तिथे बसवलीस तर रेषा वाटीतून दांड्यात अखंड जाते आणि तो डाव मोडत नाही. सरळ फळीतून कापलेल्या वाकड्या डावाची रेषा मानेवरच तुटलेली असते, तो तिथेच मोडतो. कुऱ्हाडीच्या दांड्याचंही हेच, फाडलेल्या लाकडाचा दांडा हिसका सहन करतो. फक्त तो घडवायचा ओला आणि बसवायचा पूर्ण सुकल्यावर, नाहीतर आखडून ढिला होतो आणि पातं उडतं, आणि तो थेट जिवावरचा खेळ आहे.

गाभा आधी काढून टाक, पूर्ण. मग कुऱ्हाडीने ढोबळ आकार. लाकूड ठोकळ्यावर टेकवलेलं, धरलेला हात पात्याच्या मार्गाच्या वर, आणि काम नेहमी खालच्या टोकाकडून सुरू कर. मांडीवर ठेवून चाकू चालवायचा नाही हे मी दहा वेळा सांगेन. वाटी कोरायला वाकडं पातं लागतं, ऑनलाइन मिळतं, पण जवळपास लोहार असेल तर त्याच्याकडून जुन्या कानशीचं करून घे, धार कशी लावायची ते पण तोच दाखवेल. धार नसेल तर जोर लावावा लागतो आणि जोर लावला की हात कापतो.

ओलं असतानाच शक्य तेवढं पातळ कर, पण सगळीकडे सारखं. वाटीची एक कड जाड आणि दुसरी पातळ राहिली तर पातळ आधी सुकते, जाड मागे राहते आणि मधे भेग पडते. शेवटची सफाई मात्र ठेवून दे. ती सुकल्यावर, ओल्यावर कितीही गुळगुळीत केलंस तरी सुकताना तंतू उठतात.

आता धीर धरायचा भाग. डाव वर्तमानपत्रात गुंडाळ, त्यात त्याच्याच थोड्या ढलप्या टाक आणि पंख्यापासून, उन्हापासून लांब ठेव. स्वयंपाकघरातल्या डिजिटल काट्यावर रोज वजन करून लिहून ठेव, वजन कमी व्हायचं थांबलं की सुकला. वैशाखात विदर्भ-मराठवाड्याकडे उघडा ठेवलास तर संध्याकाळपर्यंत भेग दिसेल, आणि पावसाळ्यात कोकणात उलटं, तिथे जास्त गुंडाळलंस तर काळी बुरशी धरते, कागद रोज बदलावा लागतो. एकच नियम सगळीकडे चालत नाही, हवा बघून ठरव.

सुकल्यावर खाण्याचं जवसाचं तेल लाव, ते हवेत घट्ट होतं, शेंगदाण्याचं किंवा खोबरेल तसं होत नाही. पेंटच्या दुकानातलं नको, त्यात सुकवायची रसायनं असतात. आणि तेलाचं फडकं चुरगाळून कोपऱ्यात टाकू नकोस, ते आपोआप पेट घेऊ शकतं, पसरून वाळव.

झाडांबद्दल विचारलंस. पेरू बारीक पोताचा आणि घट्ट, सुरुवातीला उत्तम. शिवण मिळाली तर सोडू नकोस, मऊ असते आणि सुकताना फार हलत नाही. जांभूळ, कडुनिंब यांच्या रेषा आत एकमेकीत गुंतलेल्या, फाडताना रडवतात. कण्हेर, बिट्टी यांना हातच लावायचा नाही, विषारी आहेत, अन्नाच्या भांड्याला तर अजिबात नाही. आणि कुठलंही झाड असो, परवानगीशिवाय फांदी तोडायची नाही, शहरांसाठी 1975 पासून कायदा आहे. छाटणीवाल्यांशी ओळख ठेव, एवढं लाकूड मिळेल की ठेवायला जागा पुरणार नाही.

तू शेवटी स्टुलाचं लिहिलंयस. इंग्लंडमध्ये चिल्टर्न टेकड्यांत बॉजर म्हणून कारागीर होते, बीचच्या जंगलातच पायाने चालवायच्या चरकावर, म्हणजे लेथवर, ओल्या लाकडाचे खुर्चीचे पाय कातायचे, तिथेच सुकत रचायचे आणि मग हाय विकमच्या खुर्चीवाल्यांना विकायचे. पाय-पट्टीच्या जोडात एक युक्ती आहे, दोन पायांना जोडणारी आडवी पट्टी पूर्ण सुकलेली घ्यायची आणि उभा पाय थोडा ओलसर. पट्टीचं टोक पायाच्या भोकात ठोकून बसवायचं, मग पाय सुकताना आखडतो आणि टोकाला आवळून धरतो, टोकही हवेतला दमटपणा घेऊन किंचित फुगतं. उलटं केलंस, म्हणजे पाय सुका आणि पट्टी ओली, तर महिन्याभरात स्टूल डुगडुगेल. पण ते डाव झाल्यावर.

आत्ता ओंडका फाडायच्या आधी दोन्ही टोकांचे जवळून फोटो पाठव, गाभा मधोमध नसेल तर कुठून फाडायचा ते सांगतो.

तुझा,
काका