वाळवंटातला तो सूर कुठल्या वाद्याचा?

प्रश्न : ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ या चित्रपटात मोरिस झार यांच्या संगीतात मधूनच गळ्यातून निघाल्यासारखा कापरा सूर येतो. सिंथेसायझरवर तो कृत्रिम वाटतो. काय चुकतं?

उत्तर : ते वाद्य म्हणजे ‘ओंद मार्तनो’, १९२८ सालचं फ्रेंच विद्युतवाद्य. उजव्या तर्जनीत अंगठी असते, ती पट्ट्यांपुढच्या तारेला जोडलेली. ती सरकवली की मींड निघते. डावा हात वाद्याच्या डाव्या बाजूच्या खणातल्या कळीवर. जितकी दाबाल तितका आवाज, सोडली की शांतता. तुमचं बिनसतं ते इथे. सिंथेसायझरची पट्टी दाबताच सूर भरल्या आवाजात सुरू होतो. म्हणून एका वेळी एकच स्वर निघेल असं ठेवा, पोर्टामेंटो (एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाण्याची सोय) चालू करा आणि आवाज एक्स्प्रेशन पेडलवर, म्हणजे पायाने आवाज कमीजास्त करायच्या पेडलवर घ्या. पेडल शून्यावर असताना पट्टी दाबा, मग हळूहळू आवाज वाढवा. कंप सुरुवातीपासून नको. स्वर स्थिरावल्यावरच द्या. या एका सवयीने निम्मा फरक पडतो.

प्रश्न : झार मुळात काय वाजवत? भारताशी काही संबंध?

उत्तर : तालवाद्यं. जन्म ल्योंचा, १९२४. इंजिनिअरिंग सोडून ते पॅरिसच्या कॉन्झर्व्हेटरीत गेले, पुढे फ्रेंच नाट्यदिग्दर्शक जाँ विलार यांच्या रंगभूमीसाठी अनेक वर्षं संगीत दिलं. थोड्या वादकांत प्रसंग उभा करण्याची तयारी तिथलीच, असं आम्हाला ठामपणे वाटतं. तीन ऑस्करांपैकी तिसरं ‘अ पॅसेज टू इंडिया’साठी, त्याचं चित्रीकरण बरंचसं भारतातलं.