वाचक विचारतात

प्रश्न : ‘सिनेमा पॅरॅडिसो’मध्ये चुंबनदृश्य आले की घंटा वाजवणारे पाद्री आणि ‘द गॉडफादर’च्या दुसऱ्या भागातला घाबरलेला घरमालक हे एकच नट आहेत का? (एक वाचक, वेंगुर्ले)

उत्तर : होय, ते लिओपोल्दो त्रिएस्ते. १९१७ साली इटलीतील रेज्जो कालाब्रिया येथे जन्मलेले त्रिएस्ते मुळात नाटककार होते. इटालियन दिग्दर्शक फेलिनी यांनी १९५२ साली ‘द व्हाइट शेख’मध्ये त्यांना मधुचंद्राच्या दिवशीच बायको हरवून बसलेल्या, नातेवाइकांसमोर अब्रू सांभाळत घामाघूम होणाऱ्या नवऱ्याची भूमिका दिली आणि त्यांच्या कारकिर्दीची दिशाच बदलली. पुढच्याच वर्षी ‘ई वितेलोनी’त त्यांनी गावातला होतकरू नाटककार रंगवला.

आपण उल्लेखिलेला घरमालक (१९७४) पुन्हा पाहावा. आदल्या भेटीत गुरकावणारा हा गृहस्थ व्हितोच्या, म्हणजे चित्रपटाच्या तरुण नायकाच्या, कचेरीत येऊन भाडे आपणहून कमी करत जातो, आणि निघताना त्याला दारसुद्धा धड उघडता येत नाही. त्या दाराशी झालेल्या झटापटीत त्याची सगळी भीती दिसते. आमच्या मते तो प्रसंग नायकाइतकाच त्यांचाही आहे. आपल्याकडच्या दशावतारात राजापेक्षा संकासुरच अधिक लक्षात राहावा, तसेच काहीसे हे.

‘सिनेमा पॅरॅडिसो’च्या वेळी (१९८८) त्यांनी सत्तरी ओलांडली होती. त्यानंतरही त्याच चित्रपटाचे दिग्दर्शक तोर्नातोरे यांनी त्यांना १९९५ च्या ‘द स्टार मेकर’मध्ये घेतले. त्रिएस्ते यांचे निधन २००३ साली रोममध्ये झाले.