‘तुझं नाव कोण?’ : फिजीतल्या नावांविषयी वाचकांचे प्रश्न

आमच्या नात्यातलं एक जोडपं नोकरीसाठी फिजीत, सुवा शहरात राहतं. तिथल्या शेजाऱ्यांनी त्यांच्या होणाऱ्या मुलासाठी ‘सेरू’ हे नाव सुचवलं. शोधल्यावर अर्थ मिळाला ‘कंगवा’. हे खरंच मुलाचं पारंपरिक नाव आहे का? आणि कंगवा हे कुणाचं नाव कसं असेल?

नाव पारंपरिकच आहे आणि चांगलं जुनं आहे. ज्यानं 1874 मध्ये फिजी बेटं ब्रिटिश राणीच्या स्वाधीन केली, त्या बाऊ बेटाच्या सरदाराचं जन्मनाव सेरूच होतं.

शब्दाचा अर्थही बरोबर आहे. ‘सेरू’ म्हणजे केस विंचरणं. फिजीयन भाषेत अशा क्रियापदाआधी ‘इ’ लागला की त्या कामाचं साधन तयार होतं. ‘सेले’ म्हणजे कापणं, ‘इ सेले’ म्हणजे सुरी. तसाच ‘इ सेरू’ म्हणजे कंगवा.

कंगवा ऐकून आपल्या डोळ्यांसमोर प्लॅस्टिकची चपटी वस्तू येते, म्हणून हे नाव विचित्र वाटतं. जुन्या फिजीतला कंगवा वेगळाच होता. लाकडाच्या लांब, सुईसारख्या काड्या शेजारीशेजारी ठेवायच्या, वरचं टोक बारीक दोऱ्यानं घट्ट विणून बांधायचं आणि खालची टोकं पंख्यासारखी मोकळी सोडायची. एकाच लाकडातून कोरलेले कंगवेही असत. हे सगळं कशासाठी, तर पुरुषांच्या केसांसाठी. सरदार आणि योद्धे केस डोक्याभोवती मोठ्या गोळ्यासारखे वाढवत, त्यांना चुना लावून रंग आणत आणि आकार देत. केस इतके दाट असत की डोकं खाजवायला बोटं पोचत नसत. त्यासाठी लांब टोकदार काडी असे, तिला ‘इ मिलामिला’ म्हणत. सरदाराचा केशरचनाकार वेगळा असे आणि त्याला रोज कित्येक तास राबावं लागे. सरदाराचं डोकं ‘ताम्बू’, म्हणजे स्पर्श न करण्याजोगं. त्यामुळे त्या डोक्यावर काम चालू असलेल्या दिवसांत केशरचनाकाराला स्वतःच्या हातानं जेवता येत नसे, पण त्याच हातांनी शेतात काम केलेलं चाले. सुतकात हे केस कापून टाकत आणि वाढेपर्यंत ‘उलुमाते’ नावाचा टोप घालत. आजही फिजीतल्या गावात शिरताना टोपी काढायची असते आणि कुणाच्या डोक्याला हात लावायचा नसतो. तेव्हा डोक्याला लागणारी वस्तू हलकीसलकी समजू नये.

असं असूनही, एखाद्या मुलाचं नाव सेरू *का*, याचं उत्तर कंगव्यात नाही. फिजीत नाव विचारायचं वाक्य आहे ‘ओ देइ ना यादामू?’ शब्दशः अर्थ: तुझं नाव *कोण*? ‘काय’ नव्हे, ‘कोण’. नाव हे आधी कुणातरी माणसाचं असतं: पणजोबांचं, चुलत्याचं, कुळातल्या एखाद्या योद्ध्याचं. ते नव्या मुलाला दिलं जातं तेव्हा तो माणूस दिला जातो. व्याकरणही हेच सांगतं. हात, बाप, नाव या गोष्टी माणसापासून सुट्या करता येत नाहीत, म्हणून त्यांना ‘माझा’ दाखवणारा प्रत्यय थेट चिकटतो: लिङाङ्गू (माझा हात), तामाङ्गू (माझे वडील), यादाङ्गू (माझं नाव). पण ‘नोङ्गू यादा’ असं सुटं म्हटलं की अर्थ होतो ‘माझा नामबंधू’, म्हणजे ज्याच्यावरून माझं नाव ठेवलं तो, किंवा माझ्यावरून ज्याचं ठेवलं तो. हे दोघं एकमेकांना नावानं हाक मारत नाहीत, ‘यादा’ म्हणतात. सत्तरीतले आजोबा आणि चार वर्षांचा नातू एकमेकांना ‘यादा’ म्हणताना तिथे सहज ऐकू येतं.

म्हणून तुमच्या नातेवाइकांनी शेजाऱ्यांना ‘सेरूचा अर्थ काय’ एवढंच विचारून थांबू नये. ‘हा सेरू कोण?’ हे विचारावं. खरं उत्तर तिथे मिळेल.

त्या सरदाराचं नाव इंग्रजी पुस्तकांत कुठे ‘काकोबाऊ’ वाटेल असं, तर कुठे ‘थाकोम्बाऊ’ वाटेल असं लिहिलेलं दिसतं. बरोबर कोणतं? आणि जन्मनाव सेरू असताना हे दुसरं नाव आलं कुठून?

उच्चार आधी. 1835 मध्ये डेव्हिड कार्गिल आणि विल्यम क्रॉस हे वेस्लियन मिशनरी लाकेम्बा बेटावर उतरले आणि त्यांनी फिजीयन भाषा रोमन अक्षरांत बसवायला घेतली. सुरुवातीला त्यांनी ‘म्ब’ला एम-बी अशी दोन अक्षरं वापरून पाहिली. पण फिजीयन भाषेत जोडाक्षरं नाहीत आणि प्रत्येक अक्षराचा शेवट स्वरानं होतो. शिकणारी माणसं दोन व्यंजनं पाहिली की मधे स्वर घालून वाचत. त्यांच्या कानाला ‘म्ब’ हा एकच ध्वनी होता. म्हणून एका ध्वनीला एकच अक्षर असा नियम ठरला. तो आजही चालू आहे आणि परक्या वाचकाला चकवतो:

‘बी’ म्हणजे म्ब. ‘डी’ म्हणजे न्द. ‘जी’ म्हणजे आपल्या कवर्गातला शेवटचा, एकटा ङ. ‘क्यू’ म्हणजे ङ्ग. ‘सी’ म्हणजे जिभेचं टोक दातांमध्ये धरून काढलेला मऊ घर्षणाचा द, इंग्रजी ‘दिस’मधला, इथे आम्ही तो साध्या ‘द’नं दाखवतो आहोत. कार्गिल-क्रॉसचा हा नियम माहीत नसेल तर नादी विमानतळ ‘नादी’ वाटतो, प्रत्यक्षात तो नांदी आहे. विस्तवावरून चालणाऱ्यांसाठी प्रसिद्ध असलेलं बेट म्बेङ्गा आहे.

मराठी वाचकाची इथे एक सोय आहे: ङ आणि ङ्ग यांतला फरक आपल्या लिपीत सरळ लिहिता येतो. ‘तुराङा’ (सरदार) आणि ‘वाङ्गा’ (होडी) हे दोन शब्द म्हणून पाहा. पहिल्यात ‘ग’ अजिबात ऐकू येता कामा नये, दुसऱ्यात स्पष्ट यायला हवा. ‘वाङ्गा’ हेही मुलाचं नाव म्हणून भरपूर आढळतं. चूक बहुतेक वेळा ‘तुराङा’तच होते, कारण शब्दाच्या मध्यात एकटा ङ आला की जीभ आपोआप त्याला ‘ग’ जोडते.

तर त्या सरदाराचं नाव दाकोम्बाऊ. ‘थाकोम्बाऊ’ हे इंग्रजांनी कानानं टिपलेलं रूप, आणि ‘काकोबाऊ’ ही रोमन अक्षरांवरून झालेली चूक.

आता दुसरं नाव. जुन्या फिजीत नाव एकदाच मिळून संपत नसे, ते कमावताही येई. युद्धात शत्रूला मारून परतलेल्या तरुणाला समारंभानं नवं नाव मिळे आणि त्याला ‘कोरोइ’ हा मान जोडला जाई. आज ‘कोरोइ’ हे साधं नाव म्हणून शिल्लक आहे, त्यामागचं रक्त विसरलं गेलं. मोठ्या सरदारांना कधी उद्ध्वस्त केलेल्या मुलखाचंच नाव चिकटे. सेरूचे वडील तानोआ यांना 1832 मध्ये बंडखोरांनी बाऊवरून हाकललं. पोरगेलेसा म्हणून सेरूला तिथेच राहू दिलं. त्यानं आतून माणसं फोडली, 1837 मध्ये बंडखोरांचा पाडाव केला आणि वडिलांना परत आणलं. त्यातून ‘बाऊचा विध्वंस करणारा’ या अर्थाचं दाकोम्बाऊ हे नाव आलं. ‘दा’ म्हणजे वाईट, म्हणून ‘बाऊची दुर्दशा’ अशीही फोड करतात.

वडिलांचं नावही बघण्यासारखं आहे. तानोआ म्हणजे यांगोना हे पेय कालवायचं लाकडी, पायांचं भांडं. त्यांना जोडलेलं विसावाङ्गा म्हणजे ‘होड्या जाळणारा’.

दाकोम्बाऊनं 1854 मध्ये ख्रिस्ती धर्म मानला, 1857 मध्ये बाप्तिस्मा घेतला आणि एपेनिसा हे तिसरं नाव धारण केलं. तीन नावं, आयुष्याचे तीन टप्पे: कुळानं दिलेलं, लढाईनं दिलेलं, चर्चनं दिलेलं.

आमच्या संस्थेत फिजीचे दोन सख्खे भाऊ शिकतात. दोघांची आडनावं वेगळी आहेत. नोंदणीत चूक झाली असेल का?

बहुधा नाही. मूळ फिजीयन, म्हणजे इ-तौकेइ समाजात पिढ्यान्‌पिढ्या चालणारं आडनाव ही परंपरा नव्हती. पहिलं नाव सहसा बायबलमधलं, दुसरं कुळातल्या कुणा पूर्वजाचं. दोन भावांना दोन वेगळे पूर्वज मिळाले की ‘आडनावं’ वेगळी दिसणारच. फिजीचे विख्यात नेते रातू सर लाला सुकुना (1888–1958) यांच्या वडिलांचं नाव रातू जोनी माद्राइविवी आणि आजोबांचं रातू मारा कापाइवाइ. तीन पिढ्या, तीन नावं, घराणं एकच. माद्राइविवी म्हणजे ‘आंबट भाकरी’ आणि हे नाव मोठ्या मानानं पुढच्या पिढ्यांत पुन्हा आलं. आता शहरांत वडिलांचं दुसरं नाव आडनावासारखं लावायची पद्धत रुळली आहे, त्यामुळे दोन्ही रीती शेजारीशेजारी दिसतात.

नोंदणीसाठी पासपोर्टवर जे, जसं, ज्या रकान्यात आहे तेच उतरवा. दोघांचं आडनाव ‘सारखं करून’ देऊ नका. ‘रातू’ आणि ‘आंदी’ हे अनुक्रमे सरदारघराण्यातल्या पुरुषाचे आणि स्त्रीचे मानदर्शक शब्द आहेत. रेवा भागात त्यांच्या जागी ‘रो’ येतो. यादी वर्णानुक्रमे लावताना ‘रातू’खाली सगळे गोळा झाले तर यादी निरुपयोगी होते.

‘सितिवेनी म्हणजे फिजीयन भाषेत मुकुट’ असं वाचलं. हे खरं आहे का?

नाही. सितिवेनी म्हणजे स्टीफन. मुकुट हा अर्थ ग्रीक शब्दाचा आहे, फिजीयन शब्दाचा नाही. बाळांच्या नावांच्या याद्यांत ही चूक सर्रास आढळते.

ओळखायची एक सोपी खूण आहे. बाऊच्या बोलीवर आधारलेल्या प्रमाण भाषेत प, फ आणि ज हे ध्वनी मूळचे नाहीत. नावात ते दिसले तर ते बहुधा बाहेरून आलेलं असतं: पेतेरो (पीटर), फिलिमोनी (फिलेमन), जोसेफा (जोसेफ). एबेनेझरमधल्या ब ला ‘बी’ वापरलं असतं तर त्याचं म्ब झालं असतं, म्हणून तिथे प घेतला आणि एपेनिसा झालं. ही खूण सगळीकडे चालत नाही. फिनाऊसारखी नावं बायबलमधून नव्हे, टोंगातून आलेली आहेत, आणि सितिवेनी, तेवीता (डेव्हिड), मोसेसे (मोझेस), वाइसाले (वेस्ली) यांत यातला एकही ध्वनी नाही. तिथे दुसरी खूण पाहा: मधले जादा स्वर काढून नाव पुन्हा मोठ्यानं म्हणा. स-त-व-न. स्टीफन ऐकू येतो.

आणखी एक: ‘पाऊला’ हे पुरुषाचं नाव आहे, म्हणजे पॉल. पत्रात ‘श्रीमती’ लिहून फजिती करून घेऊ नका.

आम्ही फिजीयन नाही, पण तिथे जन्मणाऱ्या मुलाला तिथलं नाव द्यायची मनापासून इच्छा आहे. रीत काय?

यादीतून नाव उचलू नका. कुळाची नावं त्या त्या ‘मातांगाली’ची, म्हणजे जमीन सामाईक असलेल्या कुळाची ठेव असतात. परक्यानं परस्पर घेतलेलं नाव तिथल्या माणसाला अनाथ वाटतं: हे कोण, कुणाचा?

आधी माणूस निवडा. शेजारी, सहकारी, सुईण, ज्याच्याशी खरा ऋणानुबंध आहे असा. त्यांचं किंवा त्यांच्या घरातलं नाव देऊ का, हे त्यांना विचारा, आणि शक्य तर घरातल्या वडीलधाऱ्यांसमोर विचारा. जाताना यांगोनाच्या वाळलेल्या मुळांची जुडी न्यावी. साधारण अर्धा किलो पुरेशी होते. दळलेली पूड औपचारिक विनंतीला शोभत नाही, अखंड मुळं बांधलेली जुडी न्यावी. ती जमिनीवर, समोर ठेवायची, हातात कोंबायची नाही. बोलायला त्यांच्याच ओळखीचा कुणी असला तर उत्तम. खाली बसूनच बोला. बसलेल्यांच्या मधून जावं लागलं तर वाकून, ‘तुलोऊ’ म्हणत जा.

‘हो’ मिळालं की नाव त्यांच्याकडूनच कागदावर लिहून घ्या. कानानं लिहिलेल्या नावात ‘क्यू’च्या जागी ‘एन-जी’ आणि ‘बी’च्या जागी ‘एम-बी’ शिरतो. जन्मनोंदीत एकदा चुकलं की ते दुरुस्त करायला खेटे घालावे लागतात. स्थानिक लोकांना तर दुहेरी काळजी घ्यावी लागते, कारण जन्मनोंदीनंतर मुलाचं नाव ‘वोला नी कावा म्बुला’ या कुळांच्या वहीत, सहसा वडिलांच्या मातांगालीत चढतं, आणि जमिनीच्या हक्काचा आधार तीच वही असते. तुमच्या मुलाचं नाव त्या वहीत जाणार नाही आणि नावामुळे जमिनीचा हक्कही येणार नाही. ही अपेक्षा मनातसुद्धा ठेवू नये. नावाआधी ‘रातू’ लावू नका.

बाळ जन्मल्यावर ज्यांचं नाव दिलं ती मंडळी ‘रोङ्गोरोङ्गो’ला येतील. ‘रोङ्गो’ म्हणजे कवेत घेणं. चटया, सालीचं कापड, क्वचित व्हेलचा दात, ‘ताम्बुआ’, घेऊन ते बाळाला मांडीवर घ्यायला येतात. भेटी दोन्ही हातांनी स्वीकारा, आलेल्यांना जेवू घाला. त्यानंतर दर वाढदिवसाला, परीक्षेला, आजारपणाला तो माणूस बाळाची चौकशी करणार, आणि त्याच्या घरच्या प्रसंगाला तुमच्या मुलानं हजर राहावं अशी अपेक्षा धरणार. तो हाक मारेल तेव्हा ‘यादा’ म्हणेल. मुलाला बोलता येऊ लागलं की त्यानंही त्याला ‘यादा’ म्हणावं, हे घरी आधीच शिकवून ठेवा.