होलोकॉस्टमधून, म्हणजे नाझींनी केलेल्या ज्यूंच्या संहारातून, वाचलेली पिढी संपत आली. आता साक्ष कोण देणार?

कागद देतील. आणि ते वाचलेल्यांनीच लिहिलेत असंही नाही. बरेचसे न वाचलेल्यांचे आहेत.

वॉर्सा घेट्टोत, म्हणजे पोलंडच्या राजधानीत नाझींनी ज्यूंना कोंडलं होतं त्या वस्तीत, इमॅन्युएल रिंगेलब्लम या इतिहासकाराने 1940 मध्ये एक गुप्त गट उभा केला. नाव ठेवलं 'ओनेग शब्बात', म्हणजे शब्बाथचा (ज्यूंच्या शनिवारच्या विश्रांतीच्या दिवसाचा) आनंद, कारण बैठका शनिवारी भरायच्या. घेट्टोतल्या माणसांनी स्वतःचा इतिहास स्वतः लिहायचा, मारेकऱ्यांच्या दप्तरावर सोडायचा नाही, ही त्यामागची जिद्द. त्यांनी काय जमवलं ते बघा: डायऱ्या, मुलांचे निबंध, रेशन कार्डं, ट्रामची तिकिटं, चक्क गोळ्या-चॉकलेटची वेष्टनंसुद्धा. शिवाय ट्रेब्लिंका आणि खेल्मनो या मृत्युछावण्यांतून निसटलेल्यांच्या जबान्या. मला यातली वेष्टनंच जास्त हलवतात, का ते नीट सांगता येणार नाही.

1942 च्या ऑगस्टमध्ये लोकांना ट्रेब्लिंकाला नेणं चालू असताना दहा पत्र्याच्या पेट्या एका शाळेच्या तळघरात पुरल्या. पुढच्या फेब्रुवारीत दुधाचे दोन कॅन. रिंगेलब्लमला 1944 मध्ये कुटुंबासह गोळ्या घातल्या. गटातले जेमतेम तिघं जगले. त्यातल्या हेर्श वासरला जागा माहीत होती. पेट्या 1946 मध्ये ढिगाऱ्याखाली मिळाल्या, आत पाणी शिरलेलं. कॅन 1950 मध्ये. जवळजवळ 35,000 पानं आज वॉर्सातच ज्यू इतिहास संस्थेत आहेत.

तिसरा साठाही पुरला होता म्हणतात. तो अजून सापडलेला नाही.