वाचक विचारतात : ड्रमशिवाय ठेका

प्रश्न : आमचं स्ट्रिंग क्वार्टेट (दोन व्हायोलिन, व्हिओला आणि चेलो) पॉप गाणी वाजवतं, पण ती गुळमुळीत वाटतात. ठेका कसा आणायचा?

उत्तर : व्हिओला किंवा दुसऱ्या व्हायोलिनला ‘चॉप’, म्हणजे गजाने तारांवर काढलेला ड्रमसारखा ठोका, शिकवा. गज मुठीजवळच्या दोन-तीन इंचांत, मनगटाच्या वजनाने तारांवर पडू द्यायचा. उसळू द्यायचा नाही, तारेवर रुतवायचा. तिथूनच झटक्यात उचलला की दुसरा, हलका ‘टक्’ मिळतो. डावी बोटं तारांवर नुसती टेकलेली हवीत, नाहीतर मोकळ्या तारेचा सूर घुमतो. चॉपमधून किंचाळल्यासारखा आवाज आला, तर गज बहुधा मुठीपासून लांब पडतो आहे. हे तंत्र अमेरिकी फिडलवादक रिचर्ड ग्रीन यांनी १९६०च्या दशकात घडवलं आणि डॅरॉल अँगर यांनी टर्टल आयलंड स्ट्रिंग क्वार्टेटमध्ये रुजवलं.

चॉप दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर ठेवा. पहिल्या-तिसऱ्यावर चेलोने बोटाने तार छेडावी. बेस गिटारची ओळ मात्र जशीच्या तशी उतरवू नका. चेलोची सर्वांत खालची तार ६५ हर्ट्झची, बेसची ४१. त्यामुळे खालचे सूर एक सप्तक वर घ्यावे लागतात.

आणि शब्द नाहीत, हे विसरू नका! गायक एकाच सुरावर आठ अक्षरं म्हणतो तेव्हा कान शब्दांत रमतो. व्हायोलिनवर तेच आठ सूर कंटाळा आणतात. दुसऱ्या अंतऱ्यात धून चेलोच्या वरच्या तारेला द्या, पहिल्या व्हायोलिनला साथीला ठेवा.

प्रश्न : रंगमंचावर फिरत वाजवलं की लय सुटते.

उत्तर : हालचाल गाणं बसल्यावर वरून चिकटवलेली असते, म्हणून. ती स्वरलेखनातच लिहा : ज्याला चालायचं त्याला तेवढ्या वेळात लांब किंवा छेडलेले सूर द्या, जलद तुकडा आला की त्याने उभं राहावं. पाऊल आदळलं की गज घोडीला (तारा पेलणाऱ्या लाकडी पट्टीला) समांतर राहत नाही आणि सूर फाटतो. गुडघे सैल ठेवून टाच आधी टेकवा. गाणं पाठ झाल्यावर आधी ते गुणगुणत चाला, मग निम्म्या लयीत वाजवत. चॉप करणाऱ्याने जागा सोडू नये.

सहा मीटर अंतरावरून आवाज पोहोचायला सुमारे १७ मिलिसेकंद लागतात. चौघं पांगल्यावर केवळ ऐकून वाजवलंत तर लय मागे ओढली जाते. चॉपवाल्याचा गज डोळ्यांनी धरा. त्याच्याकडे पाठ होईल अशी वाट आखूच नका.

प्रश्न : तिघे उभे, चेलोवादक बसलेला. विजोड दिसतं.

उत्तर : तीस-चाळीस सेंटिमीटरचा भक्कम चौथरा द्या. पोकळ फळ्यांचा नको, खालचे सूर त्यात घुमतात. चेलोची टोकदार दांडी घसरू नये म्हणून खुर्चीच्या पायाला अडकणारा पट्टा हवाच. चेलो मध्यभागी ठेवून तिघांना त्याभोवती फिरवलं, तर विजोडपणा उरतच नाही.