वाचकांचे प्रश्न : इन्यिगो मार्तिनेस, डाव्या पायाचा सेंटर-बॅक

गेल्या काही महिन्यांत आलेल्या पत्रांपैकी बरीच एकाच खेळाडूभोवती फिरणारी होती. रेआल सोसिएदाद, आथलेटिक बिल्बाओ, बार्सिलोना आणि आता सौदी अरेबियातला अल नस्र, असा प्रवास केलेला स्पॅनिश बचावपटू इन्यिगो मार्तिनेस. सारखे प्रश्न एकत्र करून ही उत्तरं दिली आहेत.

प्रश्न : २०१८ मध्ये बिल्बाओने त्याच्यासाठी ३ कोटी २० लाख युरो मोजले. पाच वर्षांनी तो बार्सिलोनाकडे फुकट गेला आणि २०२५ मध्ये अल नस्रकडेही फुकटच. चांगला खेळाडू क्लब असा सोडून का देतात?

तिन्ही वेळची कारणं वेगवेगळी आहेत.

२०१८ चा व्यवहार रिलीज क्लॉजचा होता. व्यावसायिक खेळाडूंच्या नोकरीबद्दल स्पेनमध्ये १९८५ चा सरकारी हुकूम आहे. त्यानुसार खेळाडू भरपाई देऊन करार एकतर्फी मोडू शकतो. ही भरपाई किती, यावर कोर्टात वाद नको म्हणून क्लब करारातच आकडा लिहून ठेवतात; तोच रिलीज क्लॉज. कागदोपत्री पैसे खेळाडू भरतो, प्रत्यक्षात ते नव्या क्लबच्या खिशातून येतात आणि ला लीगाच्या, म्हणजे स्पॅनिश लीगच्या, कार्यालयात जमा होतात. रक्कम पूर्ण आणि एकदम लागते. हप्ते, बोनस, ‘वर एक खेळाडू देतो’ असली घासाघीस हवी असेल, तर जुन्या क्लबची संमती लागते. क्लॉज पूर्ण भरला तर जुना क्लब काहीच करू शकत नाही. इंग्लंडमध्ये असा कायदा नाही. तिथे क्लॉज हवा तर घालायचा, नको तर नाही.

जानेवारी २०१८ च्या अखेरीस मँचेस्टर सिटीने बिल्बाओच्या एमेरिक लापोर्तचा ६ कोटी ५० लाखांचा क्लॉज भरला. डाव्या पायाचा सेंटर-बॅक (मधला बचावपटू) गेला आणि खरेदीची मुदत संपायला अगदी थोडा वेळ उरला. त्यात बिल्बाओची जुनी अट अशी की खेळाडू बास्क प्रांतातला किंवा तिथल्या क्लबांत घडलेलाच हवा. जगातले बाकीचे सगळे बचावपटू यादीतून आपोआप गळाले. शेजारच्या सान सेबास्तियानमध्ये रेआल सोसिएदादकडे नेमका तसा एक खेळाडू होता आणि त्याच्या करारात ३ कोटी २० लाखांचा आकडा होता. बिल्बाओने तो भरला. इतर बाजारात त्याला हा भाव मिळाला असता असं आम्हाला वाटत नाही. पण ज्याला एकाच दुकानातून माल घ्यायचा आहे, त्याने भावाची तक्रार करून उपयोग नसतो.

२०२३ मध्ये त्याचा करारच संपला. डिसेंबर १९९५ च्या बोस्मान निकालानंतर युरोपात करार संपलेल्या खेळाडूवर जुन्या क्लबचा हक्क राहत नाही. शेवटच्या सहा महिन्यांत, म्हणजे ३० जूनला करार संपत असेल तर १ जानेवारीपासून, खेळाडू दुसऱ्या क्लबशी उघडपणे सही करू शकतो. क्लबांची चूक बहुधा त्याआधी दीड-दोन वर्षं झालेली असते. नूतनीकरणाची बोलणी लांबतात आणि खेळाडूच्या हातात पत्ते जातात. त्या वेळी इन्यिगो ३२ वर्षांचा होता. त्या वयात खरेदीचे पैसे वाचवणारा क्लब सही करताना खेळाडूला जास्त देऊ शकतो, त्यामुळे थांबणं खेळाडूच्याच फायद्याचं असतं.

२०२५ चं गणित पूर्ण निराळं. या वेळी करार चालू होता, तरी बार्सिलोनाने त्याला विनामूल्य जाऊ दिलं. ला लीगा दर हंगामात प्रत्येक क्लबच्या संघखर्चाला मर्यादा घालून देते. पगार आणि खरेदीचा वार्षिक भार त्या मर्यादेबाहेर गेला, की नव्या खेळाडूंची नोंदणी अडते. २०२३ मध्ये खुद्द इन्यिगोची नोंदणी याच कारणाने ऑगस्टअखेरपर्यंत रखडली होती. दोन वर्षांनी त्याच्याच पगाराची जागा इतरांच्या नोंदणीसाठी रिकामी झाली. ‘फुकट दिला’ असं बातमीत छापून येतं. हिशेबाच्या वहीत मात्र पगाराची एक मोठी रक्कम कमी झालेली असते.

मैदानावर त्याचं जाणं किती महाग पडलं, ते पुढच्या उत्तरात.

प्रश्न : डाव्या पायाचा सेंटर-बॅक म्हणून एवढं काय असतं? दोन्ही पायांनी पास देता आला की पुरे ना?

दोन्ही पायांनी ‘देता येणं’ आणि दाब आल्यावर ‘दिला जाणं’ यांत फरक आहे. चौघांच्या बचावफळीत डावीकडचा सेंटर-बॅक उजव्या पायाचा असेल, तर गोलरक्षकाकडून आलेला चेंडू तो उजव्या पायावर घेतो. त्याची छाती मैदानाच्या मध्याकडे वळते. डाव्या बाजूरेषेजवळच्या सहकाऱ्याला पास द्यायचा तर अंग फिरवावं लागतं आणि त्यात एक स्पर्श जास्त जातो. तेवढ्यात समोरचा फॉरवर्ड आतल्या बाजूने धावत येऊन मधला रस्ता बंद करतो. मग पर्याय दोनच उरतात. एक तर चेंडू मागे द्या, नाहीतर उंच मारून मोकळे व्हा.

डाव्या पायाचा खेळाडू तोच चेंडू बाहेरच्या, म्हणजे डाव्या पायावर घेतो. अंग उघडं राहतं, त्यामुळे बाजूरेषा, मधला मिडफिल्डर आणि कोपऱ्याकडे धावणारा विंगर हे तिन्ही एकाच नजरेत येतात. पाससुद्धा बाजूरेषेकडून आत वळत विंगरच्या धावेत पडतो. उजव्या पायाने मारलेला त्याच अंतराचा चेंडू बाहेरच्या बाजूला वळून थ्रो-इनला जाण्याची शक्यता जास्त.

इन्यिगोचा डावा पाय लांब पल्ल्यालाही चालतो. पहिल्याच हंगामात, २०११ मध्ये, त्याने बिल्बाओविरुद्ध आणि नंतर बेतीसविरुद्ध स्वतःच्या अर्ध्या मैदानातून गोल केले. गोलरक्षक किती पुढे उभा आहे हे चेंडू येण्याआधीच पाहून ठेवलं असेल तरच असा फटका मारता येतो. दोन वेळा जमला म्हणजे ती नजर होती, निव्वळ नशीब नव्हे.

आता बार्सिलोनातलं काम. २०२४ मध्ये प्रशिक्षक म्हणून हान्सी फ्लिक आल्यावर बचावफळी मध्यरेषेच्या अगदी जवळ उभी राहू लागली. पासच्या क्षणी बचावफळीच्या पलीकडे उभा असलेला हल्लेखोर ऑफसाइड ठरतो. त्याचा सापळा असा चालतो : प्रतिस्पर्ध्याने पास मागे दिला, किंवा चेंडू असलेल्या खेळाडूची पाठ बार्सिलोनाच्या गोलकडे असली, की चौघे एकदम दोन-चार पावलं पुढे सरकतात. पास देणाऱ्यावर दाब असला आणि त्याला मान वर करायला वेळ मिळाला नाही, तरच हे जमतं. फळीचा वेग ठरवणारा एक जण लागतो, आणि बार्सिलोनात तो इन्यिगो होता. शेजारी पाऊ कुबार्सी, त्या हंगामाच्या सुरुवातीला अवघा १७ वर्षांचा. २६ ऑक्टोबर २०२४ रोजी रेआल माद्रिद स्वतःच्या बर्नाबेऊ मैदानावर १२ वेळा ऑफसाइड सापडला आणि बार्सिलोना ४-० जिंकला. त्याच हंगामापासून ला लीगात अर्धस्वयंचलित ऑफसाइड तंत्र आलं होतं. त्यामुळे काही सेंटिमीटरच्या फरकावरही सापळ्याचा फायदा मिळू लागला.

बिघडतं कुठे? चार ठिकाणी. चौघांपैकी एक जण अर्धा मीटर मागे राहिला की सगळा सापळा उघडा. पुढच्या तिघांनी दाब सैल केला की पास देणारा हवा तेवढा वेळ घेतो. दुसऱ्या फळीतून धावत येणारा मिडफिल्डर पासच्या क्षणी ऑफसाइड नसतोच. आणि सामन्याच्या शेवटी पाय जड झाले की मागे धावत जाऊन चेंडू गाठता येत नाही. एप्रिल-मे २०२५ मध्ये चॅम्पियन्स लीगच्या उपांत्य फेरीत इंटर मिलानने बार्सिलोनाला दोन सामन्यांत मिळून ७-६ ने हरवलं. त्या दोन लढती पुन्हा पाहिल्या तर यातल्या बऱ्याच चुका एका जागी दिसतात. त्या हंगामात लीग, कोपा देल रे (स्पॅनिश चषक) आणि सुपर कप मात्र बार्सिलोनानेच जिंकले.

इन्यिगो गेल्यावर तोच सापळा, तीच उंच रेषा, पण ‘आता’ म्हणणारा आवाज नाही. अशा खेळाडूची किंमत ट्रान्सफरच्या आकड्यात दिसत नाही, हे आमचं ठाम मत आहे.

प्रश्न : २०२० च्या कोपा देल रे अंतिम सामन्यात त्याला आधी लाल कार्ड दाखवलं आणि मग पिवळं. पेनल्टी तर कायम राहिली. हा कुठला न्याय?

नियमानुसारच झालं. महासाथीमुळे लांबलेला तो सामना ३ एप्रिल २०२१ रोजी सेव्हिलच्या ला कार्तुखा मैदानावर रिकाम्या स्टँडसमोर झाला. एकीकडे रेआल सोसिएदाद, दुसरीकडे बिल्बाओ, म्हणजे इन्यिगोचा जुना क्लब आणि नवा क्लब. पेनल्टी क्षेत्रात धावत आलेल्या सोसिएदादच्या पोर्तूला त्याने पाडलं.

गोलची स्पष्ट संधी हिरावली का, हे ठरवताना पंच चार गोष्टी पाहतात : गोलपर्यंतचं अंतर, हल्ल्याची दिशा, चेंडू ताब्यात राहण्याची किंवा येण्याची शक्यता, आणि बाकीचे बचावपटू किती व कुठे आहेत. चारही बाजू हल्ला करणाऱ्याकडे झुकल्या तर एरवी लाल कार्ड. पण पेनल्टी, लाल कार्ड आणि पुढच्या सामन्याची बंदी अशी तिहेरी शिक्षा फार जड होते, म्हणून २०१६ मध्ये नियम सौम्य केला गेला. पेनल्टी क्षेत्रात फाउल झाला, पेनल्टी दिली, आणि बचावपटू खरोखर चेंडू खेळायच्या प्रयत्नात होता, तर पिवळं. जर्सी ओढणं, धरून ठेवणं, ढकलणं, किंवा चेंडू मिळण्याची शक्यताच नसताना पाय घालणं, याला लालच. पेनल्टी क्षेत्राबाहेर ही सवलत नाही.

व्हीएआर, म्हणजे व्हिडिओ, तपासणीनंतर लाल कार्ड मागे घेऊन पिवळं दिलं गेलं. ६३ व्या मिनिटाला सोसिएदादच्या ओयारसाबालने पेनल्टीवर गोल केला आणि सामना १-० असाच संपला. चौदा दिवसांनी त्याच मैदानावर पुढच्या हंगामाची कोपा अंतिम लढत होती. तिथे बिल्बाओ बार्सिलोनाकडून ०-४ ने हरला. इन्यिगो २०२३ मध्ये निघून गेला आणि एप्रिल २०२४ मध्ये बिल्बाओने ४० वर्षांनंतर तोच चषक उचलला. योगायोग कधी कधी फार निर्दयी असतात.

प्रश्न : एवढा चांगला होता तर स्पेनकडून एकही विश्वचषक का खेळला नाही?

चुकीच्या काळात जन्मला, असं म्हणायला हरकत नाही. ऑगस्ट २०१३ मध्ये इक्वेडोरविरुद्ध त्याने पदार्पण केलं. त्या आधी तो लंडन ऑलिम्पिकच्या संघात होता, आणि २१ वर्षांखालील युरोपीय स्पर्धा त्याने जिंकली होती. पण त्याच्या जागी सेर्खिओ रामोस आणि खेरार्द पिके ठाण मांडून बसले होते. रामोसचे १८०, पिकेचे १०२ आंतरराष्ट्रीय सामने. सेंटर-बॅक दुखापत किंवा बंदी असल्याशिवाय सहसा बदलत नाहीत. विंगरसारखं ७० व्या मिनिटाला त्यांना उतरवलंही जात नाही. त्यामुळे तिसऱ्या क्रमांकावरचा बचावपटू वर्षानुवर्षं बाकावर राहतो. २०२१ मध्ये झालेल्या युरो स्पर्धेच्या वेळी दार उघडं होतं. तेव्हा आपण शरीराने आणि मनाने तयार नाही असं कळवून त्याने स्वतःच नाव मागे घेतलं.

प्रश्न : ओल्ड ट्रॅफर्डवरचा तो स्वयंगोल त्याची चूक होती का?

नाही. २३ ऑक्टोबर २०१३, चॅम्पियन्स लीग, मँचेस्टर युनायटेडच्या मैदानावर इन्यिगोचा रेआल सोसिएदाद, दुसरं मिनिट. युनायटेडच्या रूनीचा फटका खांबाला लागून परत आला आणि गोलकडे धावत येणाऱ्या इन्यिगोला लागून आत गेला. मागे धावणाऱ्या बचावपटूच्या अंगावर चेंडू आला तर तो बाजूला वळवायला वेळच नसतो. मँचेस्टर युनायटेड १-० ने जिंकलं.

प्रश्न : अशा खेळाडूला लहानपणी घडवणाऱ्या छोट्या क्लबला काही मिळतं का?

मिळू शकतं, पण अटी आहेत. फिफाच्या नियमानुसार करार चालू असताना खेळाडू दुसऱ्या देशात विकला गेला, तर रकमेचे ५ टक्के त्याला घडवणाऱ्या क्लबांत वाटायचे असतात. खेळाडूचा बारावा वाढदिवस येतो त्या हंगामापासून पंधराव्यापर्यंत दर हंगामाला ०.२५ टक्का, आणि सोळाव्यापासून तेविसाव्यापर्यंत ०.५ टक्का. समजा २ कोटी युरोचा व्यवहार झाला आणि गावातल्या क्लबकडे खेळाडू १२ ते १५ या चार हंगामांत होता. चार गुणिले ०.२५ म्हणजे १ टक्का, म्हणजे २ लाख युरो. छोट्या क्लबचा वर्षभराचा खर्च त्यात निघू शकतो.

इन्यिगोच्या बाबतीत हा रस्ता जवळपास बंदच राहिला. सान सेबास्तियान ते बिल्बाओ हा व्यवहार देशांतर्गत होता, त्याला हा नियम लागू नाही. दुसऱ्या वेळी करार संपलेला होता, आणि सौदीला जाताना खरेदीची रक्कमच नव्हती.

नोव्हेंबर २०२२ पासून हे पैसे फिफा क्लिअरिंग हाउसमार्फत वाटले जातात. त्यासाठी खेळाडूची प्रत्येक हंगामाची नोंदणी महासंघाच्या इलेक्ट्रॉनिक नोंदीत अचूक असावी लागते. छोटे क्लब नेमके इथेच अडकतात. मुलगा तीन वर्षं खेळलेला असतो, पण एका वर्षी नोंदणीचा अर्ज भरलेला नसतो किंवा जन्मतारीख चुकीची असते, आणि त्या हंगामाचा वाटा जातो. व्यवहारानंतर तयार होणारा खेळाडूचा नोंदणी-इतिहास तपासून त्यावर हरकत घ्यायला मुदतही मोजकीच असते.