नवी भिंत जुनी करायचं काम

प्रश्न : ताई, मी सांगलीत इंटिरियरच्या शेवटच्या वर्षाला आहे. सिनेमा-सिरियलचं प्रॉडक्शन डिझाइन करायचंय, घरचे म्हणतात ते सुतारकाम. आर्ट डायरेक्टरपेक्षा हे वेगळं असतं का? सुरुवात कुठून करू?

उत्तर : अगं, सुतारकाम आहेच की त्यात, लाजायचं काय! प्रॉडक्शन डिझायनर दिग्दर्शक आणि कॅमेरामनबरोबर बसून अख्ख्या गोष्टीचं रूप ठरवतो, रंग, काळ, लोकेशन सगळं, आणि आर्ट डायरेक्टर ते बजेटात उभं करून घेतो, पण आपल्याकडे छोट्या प्रोजेक्टात दोन्ही एकाच्याच गळ्यात पडतं. इंटिरियरचा फायदा होईल, फक्त चकाचक करायची सवय मोड. नवीकोरी भिंत कॅमेऱ्यात खोटी दिसते म्हणून स्विचबोर्डभोवती बोटांचे मळकट डाग, शेगडीमागचा तेलकट पिवळेपणा मुद्दाम रंगवतात. एखादी भिंत तर काढता येईल अशीच बांधतात, नाहीतर कॅमेरा ठेवणार कुठे?

नितीन चंद्रकांत देसाई बघ, दापोलीचे, मुंबईच्या जेजे कला महाविद्यालयात शिकले, 'तमस' मालिकेत असिस्टंट होते, पुढे कलादिग्दर्शनाची 4 राष्ट्रीय पारितोषिकं आणि 2005 मध्ये कर्जतला स्वतःचा स्टुडिओ.

पुण्यात एफटीआयआयला, म्हणजे सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, याचा पदवीनंतरचा कोर्स आहे, जरूर बघ. तोवर कॉलेजच्या एकांकिकांचं नेपथ्य कर, कमी पैशात सेट लावणं तिथेच जमतं. पोर्टफोलिओत कॉम्प्युटरवरची थ्रीडी चित्रं कमी, हाताची स्केचेस आणि मोजमापं जास्त ठेव. आणि घरच्यांना आधीच सांगून ठेव, सुरुवातीला असिस्टंट म्हणून चोर बाजारात जुने पंखे नि कपाटं शोधत फिरावं लागेल, पैसेही उशिराच येतात.